नाच कुणाचा, हे कार्यक्रमपत्रिकेवर छापा

संपादक महोदय,

स. न. वि. वि.

दिवाळीची सुटी संपली की सोलापुरातल्या शाळांना गॅदरिंगचे वेध लागतात. ड्रेपरीवाल्याकडे आगाऊ नोंदणी होते, साउंडवाल्याची तारीख धरली जाते आणि कोणत्या वर्गाला कोणते गाणे यावरून शिक्षकांच्या खोलीत ओढाताण सुरू होते. या यादीत आता चीअरलीडिंगचा आयटमही रुळला आहे. हातात चकचकीत झिरमिळ्यांचे पॉमपॉम, प्लेटचे आखूड स्कर्ट, मध्येच तिघींनी उचलून धरलेली एक मुलगी आणि शेवटी मनोरा. हे कुठे पाहिले असे विचारले की मुली मोबाइलवरचा अर्ध्या मिनिटाचा तुकडा दाखवतात. अशा तुकड्यांचा माग काढत गेले की पुष्कळदा एकाच अमेरिकी सिनेमामालिकेपाशी येऊन थांबावे लागते: 'ब्रिंग इट ऑन' आणि तिचे पुढचे भाग.

शाळांमध्ये समूहनृत्य बसवणारे आम्ही काही जण हे पत्र लिहीत आहोत. या सिनेमांना पोरकट म्हणून उडवून लावणारे आणि ते पाहून जसेच्या तसे स्टेजवर चढवणारे, अशा दोघांशीही आमचे भांडण आहे. पहिला सिनेमा एका प्रश्नावर उभा आहे: हा नाच मुळात कुणाचा? पुढच्या भागांनी तो प्रश्न हळूहळू बाजूला ठेवला आणि गणवेश, चुरस व शेवटची स्पर्धा एवढे राखले. आपल्या स्टेजवर उतरला आहे तो याच पुढच्या भागांचा साचा.

आधी एक गैरसमज दूर करतो. आपल्याकडे चीअरलीडर म्हटले की आयपीएलची सीमारेषा आठवते. 2008 मध्ये पहिली स्पर्धा झाली तेव्हा राज्याच्या तत्कालीन गृहराज्यमंत्र्यांनी त्या नाचाला अश्लील म्हटले होते आणि तोच शिक्का अजून मनावर आहे. पण चौकार-षटकारावर दहा सेकंद नाचणे वेगळे आणि स्पर्धेचे चीअरलीडिंग वेगळे. स्पर्धेत अडीच मिनिटांचा एक सलग कार्यक्रम असतो. त्यात कोलांट्या, उड्या, उचल, फेक, मनोरा आणि नाच हे सगळे बसवावे लागते आणि चुकीला गुण कापतात. 54 फूट बाय 42 फुटांचा फ्लोअर, 6 फूट रुंदीच्या नऊ पट्ट्या शेजारी शेजारी अंथरून तयार केलेला. मुळात हे काम मुलग्यांचे होते. 1898 मध्ये मिनेसोटा विद्यापीठात जॉनी कॅम्पबेल या विद्यार्थ्याने प्रेक्षकांपुढे उभे राहून घोषणा द्यायला लावल्या, तिथून याची सुरुवात मानतात. मुली आल्या त्या नंतर. शिबिरे, उड्यांची नावे, पॉमपॉमचे पेटंट हा सगळा विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातला पसारा, आणि त्यात लॉरेन्स हर्किमर या एका माणसाचा वाटा फार मोठा. एक पाय सरळ बाजूला आणि दुसरा गुडघ्यात दुमडलेला, अशा उडीला आजही त्याच्याच नावावरून 'हर्की' म्हणतात. जुलै 2021 मध्ये आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीने या खेळाच्या जागतिक संघटनेला पूर्ण मान्यता दिली.

आता पहिला सिनेमा. तो ऑगस्ट 2000 मध्ये आला. पेटन रीड यांचे दिग्दर्शन, जेसिका बेंडिंजर यांची पटकथा, कर्स्टन डन्स्ट आणि गॅब्रिएल युनियन या दोन संघांच्या कॅप्टन. सॅन दिएगोमधल्या सुखवस्तू शाळेचा टोरोज हा संघ पाच वेळा राष्ट्रीय विजेता ठरलेला. नवी कॅप्टन टॉरन्स सूत्रे हाती घेते आणि पहिल्याच दिवशी पुरेसा सराव नसलेला मनोरा लावायला सांगते. एक मुलगी पडते, पाय मोडतो. तिच्या जागी जिम्नॅस्टिक्स येणारी मिसी येते. ती टोरोजच्या स्टेप्स पाहताच ओळखते की या आपण दुसरीकडे पाहिल्या आहेत. ती टॉरन्सला लॉस एंजेलिसजवळच्या ईस्ट कॉम्प्टनला घेऊन जाते. तिथे कृष्णवर्णीय मुलींचा क्लोव्हर्स हा संघ त्याच स्टेप्स करत असतो, आणि कितीतरी जास्त जोमाने. आधीची कॅप्टन वर्षानुवर्षे तिथे जाऊन त्यांचा नाच टिपून आणत होती. ज्यांनी तो बसवला त्यांच्याकडे राष्ट्रीय स्पर्धेला जायला पैसे नव्हते, म्हणून चोरी कुणाच्या लक्षातच आली नाही. चोरी पचते ती याच एका कारणाने, आणि सिनेमाने ते नेमके ओळखले आहे.

पुढचे वळण आमच्या धंद्याचे आहे. टॉरन्सचा संघ चोरीचा नाच टाकून पैसे देऊन एक कोरिओग्राफर आणतो. तो हुकूम सोडत, अपमान करत एक नाच बसवून देतो. विभागीय स्पर्धेत यांच्या आधीचा संघ फ्लोअरवर येतो आणि हाच नाच करतो. त्याच हाताच्या मुद्रा, तीच फॉर्मेशन. त्या माणसाने एकच माल बऱ्याच संघांना विकलेला असतो. सोलापुरात एका हंगामात तीन शाळांत एकाच गाण्यावर एकाच फॉर्मेशनचा नाच पाहिलेल्या कोणत्याही पालकाला हा प्रसंग परका वाटणार नाही. एक ट्रॅक, एक नाच, सहा शाळा, सहा वेळा मानधन. असे होते याचे कारणही सरळ आहे: शाळा मानधन ठरवते ते प्रत्येक आयटममागे आणि दिवस देते आठ. नवा नाच बसवायला तेवढे दिवस पुरत नाहीत, जुना शिकवायला पुरतात.

नंतर टोरोज स्वतःचा नाच बसवतात. त्यासाठी स्विंग नृत्य, मूकाभिनय, मार्शल आर्ट अशा वेगवेगळ्या कलांचे धडे घेतात. दरम्यान टॉरन्स आपल्या वडिलांच्या कंपनीकडून क्लोव्हर्ससाठी चेक आणते आणि क्लोव्हर्सची कॅप्टन आयसिस तो फाडून टाकते. दानावर मिटवण्यासारखा हा हिशेब नव्हता. मग त्यांच्याच वस्तीतून वर आलेली एक टीव्ही निवेदिका त्यांना पैसे देते. शेवटच्या स्पर्धेत क्लोव्हर्स पहिल्या येतात, टोरोज दुसरे. शाळकरी मुलांसाठीच्या खेळाच्या सिनेमात नायिकेचा संघ हरतो आणि तो निकाल प्रेक्षकांना पटतो, ही साधी गोष्ट नाही. सुमारे 1.1 कोटी डॉलरमध्ये तयार झालेल्या या सिनेमाने जगभर 9 कोटींच्या आसपास गल्ला केला. त्यात काही भाग खटकणारे आहेत. बिकिनीतला गाडी धुण्याचा प्रसंग आहे, शेलकी आणि हिणवणारी भाषा आहे. अमेरिकेतही त्याला 13 वर्षांखालील मुलांबाबत पालकांना सावध करणारे प्रमाणपत्र आहे. शिक्षकांनी आधी स्वतः पाहावा, मग आठवीच्या वरच्या मुलांना दाखवावा.

एवढे यश मिळाल्यावर पुढचे भाग थिएटरमध्ये यायला हवे होते. पण पुढचे पाच भाग थेट डिस्कवर आले. याचे गणित समजून घेतले की ते सिनेमे असे का आहेत तेही कळते. थिएटरसाठी तेव्हा प्रिंट काढाव्या लागत, पोस्टर-जाहिरातींवर पैसा ओतावा लागे आणि हा खर्च सिनेमाच्या खर्चाच्या बरोबरीला येऊन बसे. डिस्कचे तसे नाही. दुकानाच्या फळीवरचे कव्हर हीच जाहिरात. त्यामुळे कव्हरवर ओळखीचे नाव, गणवेशातल्या मुली आणि एखादा चालता चेहरा एवढे पुरते. पहिल्या सिनेमातले मुख्य कलाकार पुढच्या एकाही भागात नाहीत, कारण त्यांचे मानधन या गणितात बसत नाही. मग दर वेळी नवी शाळा, नवी कॅप्टन, आणि कथेचा सांगाडा तोच: परकी मुलगी येते, संघात भांडण होते, दोन तऱ्हांचे नाच एकत्र येतात, शेवटी स्पर्धा.

2004 चा दुसरा भाग कॉलेजात घडतो. मुख्य संघातून बाहेर पडलेल्या दोन मुली, कुणी विचारत नाही अशा विद्यार्थ्यांना गोळा करून नवा संघ काढतात. कल्पना चांगली, नाच सामान्य. 2006 चा तिसरा भाग या सगळ्यांत उजवा आहे. हेडन पॅनेटिएर आणि सोलांज नोल्स त्यात आहेत आणि रिहाना स्वतःच्याच भूमिकेत थोडा वेळ येते. श्रीमंत शाळेतली कॅप्टन, वडिलांची परिस्थिती पालटल्यावर कृष्णवर्णीय आणि लॅटिनो मुलांच्या शाळेत येते आणि तिथे तिला क्रम्पिंग शिकावे लागते. छाती आणि खांद्यांचे झटके, जमिनीवर जोरात आपटणारे पाय, असा लॉस एंजेलिसच्या रस्त्यांवरचा तो नाच. इथे मूळ प्रश्नाची एक उलटी बाजू दिसते: चोरून नेण्याऐवजी तिथे जाऊन, टोमणे ऐकत शिकणे. पण पहिल्या सिनेमात हिशेब चुकता होतो, इथे सगळे गोडीत मिटते. त्याच दिग्दर्शकाचा, स्टीव्ह रॅश यांचा, 2007 चा चौथा भाग फ्लोरिडातल्या शिबिरात घडतो. शार्क्स आणि जेट्स हे दोन संघ भांडून शेवटी एक होतात. 2009 च्या पाचव्यात क्रिस्टिना मिलियन ईस्ट लॉस एंजेलिसमधून मालिबूच्या शाळेत येते.

त्यानंतर आठ वर्षे काही नाही. ज्या डिस्कच्या धंद्यावर ही मालिका उभी होती तोच ढासळला. व्हिडिओ भाड्याने देणारी ब्लॉकबस्टर ही बलाढ्य साखळी सप्टेंबर 2010 मध्ये दिवाळखोरीत गेली. आपल्याकडच्या सीडी लायब्रऱ्यांचे शटरही त्याच सुमारास खाली येऊ लागले होते. 2017 मध्ये सहावा भाग आला तो दक्षिण आफ्रिकेत चित्रित झालेला, आणि त्यातली लढत इंटरनेटवरच्या व्हिडिओंमधून पेटते. 2022 चा सातवा तर टीव्हीवरचा भयपट आहे. चीअरलीडर मुली बंद पडलेल्या शाळेत सरावाला जातात आणि एकेक करून मारल्या जातात. नाच बसवणाऱ्याला त्यात घेण्यासारखे काही नाही.

या पुढच्या भागांवर आमचा राग नाही. तिसरा आणि पाचवा भाग नाचासाठी पाहण्याजोगे आहेत. पण कसे पाहायचे ते ठाऊक असावे. उडी सुरू होते एका शॉटमध्ये आणि झेल दिसतो दुसऱ्यात, असे असेल तर मधे कात्री आहे. ती एकच कृती होती असे धरून चालू नये. डोक्यापासून पायापर्यंत मुलगी दिसते आणि शॉट न कापता आठ ठोके टिकतो, तेवढेच शिकण्यासारखे. चेहरा दिसत नाही आणि अंग हवेत आहे, तिथे बहुधा सराव असलेली चीअरलीडर नटीच्या जागी आहे. घरी रिमोट हातात घेऊन शेवटच्या स्पर्धेतल्या कात्र्या मोजून पाहा, मग त्यातले किती आपल्या मुलींकडून मागायचे ते आपोआप ठरेल.

डिस्कवरून शिकणाऱ्यांची आणखी एक अडचण होते. जुन्या व्हीसीडीचे चित्र 352 बाय 288 ठिपक्यांचे असते. त्यात वेगात हलणारे पाऊल पुसट दिसते, म्हणून व्हीसीडीवरून उतरवलेल्या नाचात हात बरोबर आणि पाय अंदाजाने असतात. डीव्हीडी बरी, पण ती 'पाल' या टीव्ही-चित्रपद्धतीची असेल तर दुसरा घोळ. सिनेमा सेकंदाला 24 चित्रांचा असतो आणि पालमध्ये तो 25 ने चालवतात. म्हणजे शंभर मिनिटांचा सिनेमा 96 मिनिटांत संपतो आणि संगीत सुमारे 4 टक्के जलद होते. मूळ गाणे मिनिटाला 144 ठोक्यांचे असेल तर त्या डिस्कवर ते 150 चे होते. डिस्क पाहून सराव करायचा आणि कार्यक्रमाला मूळ गाणे लावायचे, असे झाले की मुली ठोक्याच्या पुढे पळतात आणि 'साउंडवाल्याने गाणे हळू लावले' म्हणून त्याच्यावर खापर फुटते. सराव आणि कार्यक्रम एकाच ट्रॅकवर हवेत, तोही पेन ड्राइव्हमध्ये, दोन प्रतींत.

मोजणीचे थोडे अधिक सांगतो, कारण नाच बिघडतो तो इथेच. अडीच मिनिटे म्हणजे 150 सेकंद. मिनिटाला 144 ठोके धरले तर 360 ठोके, म्हणजे आठ-आठ ठोक्यांचे 45 गट. कागदावर 45 ओळी आखाव्यात आणि प्रत्येक ओळीत कोण कुठे आहे ते लिहावे. गॅदरिंगच्या आयटमसाठी सुरुवातीला 4, मुख्य नाचाला 20, जागा बदलायला 9, उड्यांना 4, घोषणेला 4 आणि शेवटच्या स्थिर चित्राला 4, असे वाटप आम्हाला सोयीचे वाटते. जागा बदलायला नऊ ओळी वेगळ्या ठेवायचे कारण असे की नवखे शिक्षक त्या धरतच नाहीत. मग मुली शेवटच्या दोन ठोक्यांत धावत सुटतात आणि समोरासमोर आदळतात. बदल करताना पुढची ओळ आधी, मागची चार ठोक्यांनी नंतर निघाली की वाट मोकळी राहते. आणि ट्रॅक कापायचा तो नेहमी आठाच्या मोजणीतल्या एकवर. पाच किंवा सहावर कापून दुसरे गाणे जोडले की आठाचा गट मोडतो. तिथून पुढे अर्धा वर्ग जुन्या मोजणीने आणि अर्धा नव्या मोजणीने नाचतो.

सोलापूरच्या मुलांना आठाची मोजणी नवी नाही. लेझीमचे 'आठ आवाज' आणि 'चार आवाज' इथल्या मुलांच्या हातात बसलेले आहेत. ज्या मुलीला लेझीम येते तिला चीअरलीडिंगचे हात दोन दिवसांत येतात: मुठी बंद, मनगट सरळ, हात एका झटक्यात जागेवर आणि तिथेच थांबलेला. सिनेमात तो थांबा कॅमेऱ्यामुळे डोळ्यात भरत नाही, पण स्टेजवर त्यावरच सगळे आहे. वळणदार हात हिंदी गाण्याला शोभतात, इथे ते ढिले दिसतात.

पॉमपॉमबद्दल एवढेच की क्रेप कागदाचे करू नयेत. घामाने रंग सुटतो आणि पांढऱ्या टॉपवर डाग पडतात. प्लास्टिकच्या सेंटीमीटरभर रुंद, फूटभर लांब पट्ट्या दीडशे-दोनशे घेऊन मधोमध प्लास्टिकच्या टायने आवळाव्यात, मग चुरगाळून फुगवाव्यात. गाठीची टोकदार शेपटी कापून तिथे टेप लावावा, नाहीतर तळहात ओरबाडतो.

आता उचल. याबद्दल आम्ही ठामपणे बोलणार आहोत. सिनेमात वर जाणाऱ्या मुलीला फ्लायर म्हणतात. तिच्या खाली समोरासमोर दोघी, पाठीमागे एक. फेकण्याच्या प्रकाराला बास्केट टॉस म्हणतात. खालच्या दोघी एकमेकींची मनगटे गुंफून बैठक करतात, फ्लायर त्यावर पाय ठेवते आणि सगळ्या मिळून तिला वर भिरकावतात. फेकणाऱ्या चारपेक्षा जास्त चालत नाहीत, आणि अमेरिकेतल्या शालेय नियमांत हा प्रकार लाकडी कोर्टावर करायला परवानगी नाही. मॅट किंवा गवत लागते. आपल्या गॅदरिंगचे स्टेज म्हणजे लोखंडी पाइप, वर प्लायवुड आणि त्यावर मंडपवाल्याचे कारपेट. समजा ते 24 बाय 16 फुटांचे असले तर स्पर्धेच्या फ्लोअरच्या जेमतेम सहाव्या भागाइतके. मागे पडदा, पुढे चार फुटांची खोली, कडेला स्पीकर. दोन मीटर उंचीवरून पडलेले शरीर ताशी सुमारे 23 किलोमीटरच्या वेगाने खाली येते, तीन मीटरवरून 28 च्या. कारपेटखाली चादरीच्या घड्या घातल्या म्हणून तो वेग कमी होत नाही. उलट प्लायवुडवर चादर सरकते आणि खालच्या मुलीचा पाय घसरतो.

दहीहंडीच्या थरांत 14 वर्षांखालील मुलांना घेता येत नाही, हा दंडक राज्यात सर्वांना माहीत आहे. मग पाचवी-सहावीच्या मुलीला डोक्याच्या वर धरताना तोच विचार का होत नाही?

शाळेच्या स्टेजवर फेक आणि दोन थरांचा मनोरा अजिबात नको. खांद्याच्या उंचीची उचलही नको. करायचेच असेल तर मांडीवर उभे राहण्याचा प्रकार करावा. दोघी मुली शेजारी शेजारी, आतला गुडघा वाकवून पुढे, गुडघा घोट्याच्या बरोबर वर. तिसरी एकेक पाय त्यांच्या मांडीच्या मुळाशी, कमरेच्या खोबणीत ठेवून उभी राहते. खालच्या मुलीचा एक हात तिच्या गुडघ्याच्या वर, दुसरा तिच्या चवड्याखाली. उंची दोन फुटांच्या आत. तरीही मागे एक शिक्षक किंवा मोठी मुलगी कमरेला हात लावून उभी हवी. बिघडते ते तीन ठिकाणी. वरची मुलगी मांडीच्या मुळाऐवजी गुडघ्याजवळ पाय ठेवते, की खालच्या मुलीचा गुडघा आत कोसळतो. ती खाली पायांकडे पाहते, की सगळा भार पुढे जातो. आणि खालच्या दोघींमध्ये अंतर जास्त पडते, की वरचीचे पाय फाकतात. अंतर सरावाच्या पहिल्या दिवशी खडूने आखावे.

कपड्यांचेही पाहावे. ड्रेपरीचे सॅटिन हातातून सटकते, म्हणून उचल असेल तर सुती टॉप. पैंजण, बांगड्या, केसांतल्या पिना काढलेल्या, नखे कापलेली, पायांत कॅनव्हासचे बूट किंवा अनवाणी. मोजे घालून कधीच नाही.

सिद्धेश्वरांच्या गड्ड्याच्या यात्रेत जड नंदीध्वज पेलणारे आधी किती दिवस सराव करतात ते सोलापूरकरांना सांगायला नको. वजन उचलण्याची विद्या घाईने येत नाही, हे या गावाला पक्के ठाऊक आहे.

आता मूळ मुद्द्याकडे. ईस्ट कॉम्प्टन आपल्याकडेही आहे. सांगोला, मंगळवेढा या भागांतले धनगरी गजीनृत्य घ्या. मध्ये मोठे ढोल, भोवती रिंगण, हातांत रुमाल, ढोलाचा बोल बदलला की पाऊल बदलते. दिवाळीत मंगळवेढा तालुक्यातल्या हुलजंतीला महालिंगरायाच्या पालख्यांच्या भेटी होतात तेव्हा ते ढोल ऐकावेत. शाळांच्या गॅदरिंगमध्ये त्यातली दोन पावले, रुमालाचा एक झटका उचलतात, रिमिक्स गाण्यावर बसवतात, वर 'लोकनृत्य' असे लिहितात. कुठल्या लोकांचे, ते लिहीत नाहीत. मोबाइलवर कुणी मंडळाचा व्हिडिओ टाकलेला असतो, तो पाहून पावले उतरवली जातात. टोरोजची आधीची कॅप्टन ईस्ट कॉम्प्टनला जाऊन हेच करत होती. तिला निदान तिथवर जावे तरी लागत होते.

कायद्याची बाजू नेमकी सांगावी, कारण इथे गोंधळ फार आहे. आपल्या 1957 च्या कॉपीराइट कायद्यात नृत्यरचनेला नाट्यकृतीत धरले आहे, पण ती लिहून किंवा अन्य प्रकारे नोंदलेली हवी. सुटे पाऊल किंवा सुटी मुद्रा कुणाच्या मालकीची होत नाही, सलग रचना होते. शाळेला सूटही आहे: विद्यार्थी आणि शिक्षकांनी शाळेच्या उपक्रमात, शाळेतल्या माणसांपुढे आणि पालकांपुढे केलेल्या सादरीकरणाला त्याच कायद्याचे कलम 52 संरक्षण देते. म्हणजे गॅदरिंगमध्ये कुणाचा नाच केला म्हणून शाळेला कोर्टात जावे लागण्याची भीती सहसा नाही. अमेरिकेत तर 2017 मध्ये, मालिकेचा सहावा भाग आला त्याच वर्षी, चीअरलीडिंगच्या गणवेशावरच्या पट्ट्यांच्या नक्षीला कॉपीराइट मिळू शकतो असा निकाल तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने दिला. गणवेश विकणाऱ्या कंपनीला अशा हक्काची वाट कोर्टाने मोकळी केली. शेकडो वर्षे पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेल्या पावलांची मात्र कुठेच नोंद नसते, त्यामुळे तिथे कायदा हात देत नाही. तिथे नाव घेणे एवढेच आपल्या हातात उरते आणि म्हणून ते टाळू नये.

शक्य असेल तर गजी मंडळातल्या एखाद्या ज्येष्ठ ढोलवाल्याला दोन दिवस शाळेत बोलवावे. येण्या-जाण्याचे भाडे, जेवण आणि कोरिओग्राफरला देतो तेवढेच मानधन द्यावे, 'सत्कार' करून बोळवण करू नये. गाणे आपण निवडण्याआधी त्यांचा ढोल मुलांना ऐकवावा. पाऊल ढोलातून निघते, ट्रॅकमधून ते काढायला गेले की ठोका चुकतो. नारळ आणि शाल आम्हालाही प्रिय आहेत, पण ढोलाची वादी बदलायला पैसे लागतात.

आणि शेवटी छापखान्याचे काम. कार्यक्रमपत्रिकेवर मंडपवाला, साउंडवाला, मिठाईवाला, देणगीदार सगळ्यांची नावे येतात. प्रत्येक आयटमसमोर एक ओळ वाढवायला जागा असतेच. चीअरलीडिंगचा आयटम असेल तर 'मूळ रचना: अमुक चित्रपटावरून, शाळेने बदल करून बसवलेली'. गजीनृत्य असेल तर 'पावले व ढोल: अमुक गावचे गजी मंडळ, शिकवणारे अमुक'. व्हिडिओवरून उतरवले असेल तर व्हिडिओ टाकणाऱ्याला एक संदेश पाठवून नाव विचारावे. त्याला पाच मिनिटे लागतात. सूत्रसंचालन करणाऱ्या मुलाच्या हातातल्या कागदावरही तीच ओळ लिहून द्यावी, म्हणजे पत्रिका न वाचणाऱ्या आजी-आजोबांपर्यंत ती पोचेल. पत्रिकेचा मजकूर बहुतेक शाळांत डिसेंबरच्या पहिल्या पंधरवड्यात छापायला जातो, तेव्हा ही विचारपूस नोव्हेंबरातच करावी लागेल.

आपले,
शाळांमध्ये समूहनृत्य बसवणारे काही नृत्यशिक्षक,
सोलापूर